तुटलेल्या शिरेची नोंद



स्मृतिव्याख्यानाला विषय मोठा घ्यायचा, असा आपल्याकडे प्रघात आहे. मी मुद्दाम अरुंद विषय मागून घेतला. पायातली एखादी शीर तुटली, तर त्या जखमेची दवाखान्याच्या दप्तरात नोंद कशी होते, तिला कोणता कोड मिळतो, आणि ती नोंद ढिसाळ झाली तर कोणाचे काय बिघडते, एवढ्याबद्दलच मी बोलणार आहे. ज्या डॉक्टरांच्या स्मरणार्थ आज आपण जमलो आहोत, त्यांच्या पिढीने केसपेपर हाताने आणि मन लावून लिहिले. त्यांना हा विषय लहान वाटला नसता, याची मला खात्री आहे.

एक उदाहरण घेऊ. ते कल्पित आहे, पण ऊसपट्ट्यातल्या कॅज्युल्टीत काम केलेल्या कोणालाही ओळखीचे वाटेल. बीड जिल्ह्यातून टोळीबरोबर कोल्हापूरकडे आलेली तिशीतली बाई. ऊस बुडख्याशी तोडताना कोयता निसटतो आणि उजव्या पायाच्या आतल्या अंगाला, घोट्याच्या वर चार बोटांवर बसतो. रक्त काळपट असते, त्याची चिळकांडी उडत नाही, पण ते थांबतही नाही. बरोबरची बाई लुगड्याची पट्टी फाडून जखमेवर दाबून धरते. (हेच बरोबर आहे. जखमेवर थेट दाब द्यायचा आणि पाय उंच धरायचा.) ट्रॅक्टरवरून तिला ग्रामीण रुग्णालयात आणतात. ड्यूटीवरचा डॉक्टर जखम धुतो, शिरेची दोन्ही टोके शोधून बांधतो, टाके घालतो, धनुर्वाताचे इंजेक्शन देतो. काम चोख झाले. मग तो केसपेपरवर लिहितो: ‘सीएलडब्ल्यू राइट लेग, सुचर्ड’. म्हणजे उजव्या पायाला ठेचलेली-फाटलेली जखम, टाके घातले.

या एका ओळीत किती गोष्टी गळाल्या ते पाहा. कोयत्याची जखम ठेचलेली नसते, कापलेली असते. सीएलडब्ल्यू हे आपल्या हाताला लागलेले वळण आहे, ते निदान नव्हे. शीर तुटली होती हे ओळीत नाही. ती ग्रेट सॅफेनस, म्हणजे घोट्याच्या आतल्या हाडापुढून निघून मांडीच्या आतल्या अंगाने जांघेपर्यंत जाणारी लांब शीर होती, हे नाही. ती बांधली, हेही नाही. सहा महिन्यांनी त्या बाईचा पाय सुजू लागला आणि ती तिच्या गावाजवळच्या दवाखान्यात गेली, तर तिथल्या डॉक्टरला एवढेच कळणार की कधीतरी टाके पडले होते.

आता वर्गीकरणाकडे येऊ. जागतिक आरोग्य संघटनेचे आजारांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण, ज्याला आपण सगळे आयसीडी म्हणतो, त्याची दहावी आवृत्ती आपल्या देशात चालते. तिला संघटनेच्या सभेने १९९० मध्ये मान्यता दिली. अकरावी आवृत्ती २०१९ मध्ये स्वीकारली गेली आणि १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, पण बहुतेक दवाखान्यांच्या रोजच्या व्यवहारात अजून दहावीच आहे, म्हणून मी तिच्याबद्दलच बोलतो.

दहाव्या आवृत्तीत ‘एस’ या अक्षराखाली शरीराच्या एकेका भागाच्या जखमा येतात. क्रम डोक्यापासून खाली उतरत जातो. एस ७० पासून खुबा आणि मांडी, एस ८० पासून गुडघा आणि पोटरी, एस ९० पासून घोटा आणि पाऊल. दुसऱ्या अंकालाही अर्थ आहे. पायाच्या भागांत १ म्हणजे उघडी जखम, २ म्हणजे हाड मोडणे, ३ म्हणजे सांधा निखळणे किंवा मुरगळणे, ४ म्हणजे मज्जातंतू, आणि ५ म्हणजे रक्तवाहिन्या. त्यामुळे मांडीतल्या रक्तवाहिन्या एस ७५ मध्ये, पोटरीतल्या एस ८५ मध्ये, पावलातल्या एस ९५ मध्ये. ज्या कोणी हे बसवले त्याने विचार करून बसवले आहे. एकदा ध्यानात आले की पुस्तक न उघडता निम्मा कोड सांगता येतो.

एस ७५.१ ही मांडीतली फीमोरल शीर. एस ७५.२ ही मांडीतला ग्रेट सॅफेनसचा भाग. तीच शीर गुडघ्याखाली दुखावली तर एस ८५.३. पोटरीच्या मागून वर जाणारी लहान सॅफेनस एस ८५.४. गुडघ्याच्या मागच्या खळगीतली पॉप्लिटियल शीर एस ८५.५. पावलाच्या वरच्या बाजूची शीर एस ९५.२. आपल्या ऊसतोड करणाऱ्या बाईचा कोड म्हणजे एस ८५.३, आणि त्याच्या जोडीला उघड्या जखमेचा एस ८१ मधला कोड. डॉक्टरने नुसते ‘ग्रेट सॅफेनस’ लिहिले आणि मांडी की पोटरी ते सांगितले नाही, तरी वर्गीकरण ती जखम एस ८५.३ मध्येच धरते. म्हणजे नाव लिहायचे एवढेच मागणे होते. नाव न लिहिल्यामुळे ही बाई एस ८१ मध्ये, पायाच्या हजारो उघड्या जखमांत मिसळून गेली.

कशाने लागले, हे सांगणारा वेगळा भागही याच पुस्तकात आहे. ‘व्ही’पासून ‘वाय’पर्यंतची अक्षरे त्यासाठी राखली आहेत. डब्ल्यू २६ म्हणजे चाकू, तलवार, खंजीर यांचा घाव. डब्ल्यू २७ म्हणजे यंत्राशिवायची हातातली अवजारे. डब्ल्यू ३० म्हणजे शेतीची यंत्रे. कोयता यांपैकी कशात घालायचा, यावर दोन कोडरांचे एकमत होईलच असे नाही. शेतातले अवजार म्हणून मी त्याला डब्ल्यू २७ मध्ये घालीन. चौथा अंक जागेचा असतो आणि ७ म्हणजे शेत. महाराष्ट्रातल्या दवाखान्यांनी हा एक ‘७’ जरी नेमाने लिहिला, तरी शेतात दरवर्षी किती पायांना घाव बसतात याचे उत्तर देणे शक्य होईल. पायाला जाड पट्टे किंवा गुडघ्यापर्यंतचे संरक्षक बूट द्यावेत का, कारखान्याने की मुकादमाने, हा वाद मग आकड्यांवर बोलता येईल.

शिरेचे नाव एवढ्या हट्टाने का मागायचे, याचे सर्वांत चांगले उत्तर युद्धाच्या इतिहासात आहे. तिथे मी थोडा जास्त रेंगाळणार आहे.

पहिल्या महायुद्धात ब्रिटिश सर्जन सर जॉर्ज मेकिन्स यांनी बंदुकीच्या गोळ्यांनी झालेल्या रक्तवाहिन्यांच्या जखमांचा अभ्यास केला आणि १९१९ मध्ये त्यावर पुस्तक लिहिले. धमनी बांधावी लागली तर शेजारची शीर धड असली तरी तीही बांधावी, असे त्यांचे मत होते. पायात येणारे रक्त कमी झाले, तर बाहेर जाणारेही कमी करावे, म्हणजे आत थोडे टिकून राहील, असा त्यामागचा विचार. विचार सुबक होता आणि मेकिन्स मोठे होते, त्यामुळे ही पद्धत बरीच वर्षे चालली.

दुसऱ्या महायुद्धातल्या अमेरिकन सैनिकांच्या २,४७१ धमनी-जखमांचा आढावा डीबेकी आणि सिमिओनी यांनी १९४६ मध्ये प्रसिद्ध केला. त्या काळी धमनी जोडण्याचा प्रयत्न क्वचितच होई, बहुतेक वेळा ती बांधत. गुडघ्यामागची पॉप्लिटियल धमनी बांधलेल्यांपैकी ७० टक्क्यांहून अधिक सैनिकांचे पाय कापावे लागले. कोरियाच्या युद्धात धमन्या जोडायला सुरुवात झाली आणि एकूण पाय-हात गमावण्याचे प्रमाण सुमारे १३ टक्क्यांवर आले. व्हिएतनाममध्येही ते साधारण तेवढेच राहिले. पण गुडघ्यामागे प्रमाण हट्टाने ३० टक्क्यांच्या आसपास अडून बसले. धमनी नीट जोडली, रक्त खाली पोचले, तरी पाय सुजून, ताणून, निकामी होत होता. काहीतरी नजरेतून सुटत होते.

ते काय होते हे शोधायला एक माणूस आणि एक दप्तर कारणी लागले. नॉर्मन रिच हे अमेरिकन सैन्यातले सर्जन. त्यांनी १९६६ मध्ये वॉशिंग्टनच्या वॉल्टर रीड रुग्णालयात व्हिएतनाममधल्या रक्तवाहिन्यांच्या जखमांची नोंदवही सुरू केली. तिचे मोल असे की जखमी माणूस मायदेशी परतल्यावरही तिने त्याचा माग सोडला नाही, आणि शिरांना तिने धमन्यांच्या सावलीत टाकले नाही. कोणती शीर, कुठे, काय केले, पुढे पाय कसा राहिला, हे लिहून ठेवले गेले. त्यामुळे १९७६ मध्ये रिच आणि त्यांच्या सहकाऱ्यांना पॉप्लिटियल शिरेला जखम झालेले ११० जण त्या दप्तरातून वेचता आले. ५७ जणांची शीर बांधली होती, ५३ जणांची जोडली होती. बांधलेल्यांपैकी ५०.९ टक्के लोकांचा पाय पुढे सुजत राहिला. जोडलेल्यांत हे प्रमाण १३.२ टक्के होते. शीर जोडली की तिच्यात गुठळी होईल आणि ती फुप्फुसात जाईल, ही सर्जनांची जुनी भीती या आकड्यांत खरी ठरली नाही.

याचा अर्थ प्रत्येक शीर जोडलीच पाहिजे असा नाही. रुग्ण रक्तस्रावाने खचला असेल, रक्तदाब सापडत नसेल, तेव्हा शीर बांधून जीव वाचवणे हाच शहाणपणा आहे, आणि शीर बांधलेल्यांचे पायही अनेकदा नीट राहतात. आजही हा प्रश्न मिटलेला नाही. पण तो प्रश्न विचारता आला, तोच मुळी नोंद वेगळी होती म्हणून. त्या ११० सैनिकांच्या कागदांवर फक्त ‘पायाला गोळीची जखम’ एवढेच असते, तर कितीही हुशार संशोधकाला त्यातून शीर वेगळी काढता आली नसती. आपल्या रस्त्यांवर मोटारसायकलवरून पडून गुडघा निखळतो आणि मागची धमनी-शीर फाटते, अशा रुग्णांसाठी जी शस्त्रक्रिया आज आपण करतो, तिच्या मागे त्या दप्तराचे ऋण आहे. हे ऋण फेडायचा मार्ग एकच आहे: आपल्या रुग्णांच्या नोंदी पुढच्यांना वापरता येतील अशा लिहिणे.

आजारांना यादीत बसवण्याची धडपड तशी जुनी आहे. लंडनच्या मृत्युनोंदींवरून जॉन ग्रॉन्टने १६६२ मध्ये पहिले मोठे आकडेशास्त्रीय काम केले. विल्यम फारने एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमध्ये मृत्यूच्या कारणांची शिस्त घातली. १८९३ मध्ये शिकागोच्या परिषदेत फ्रान्सच्या झाक बर्तियों यांनी मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, तिच्या सर्वांत विस्तृत रूपात १६१ शीर्षके होती. आज दहाव्या आवृत्तीत सुमारे १४,००० कोड आहेत. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि मृत्यूंबरोबर जिवंत माणसांचे आजार आणि जखमाही त्यात पुरत्या सामावल्या.

मृत्यू आणि जखम यांतला फरक इथे फार महत्त्वाचा आहे. जखमेने माणूस गेला, तर मृत्यूच्या आकडेवारीत मूळ कारण म्हणून अपघात धरला जातो, शरीरातली जखम नव्हे. मोटारसायकल घसरली, व्ही २८. शेतीच्या यंत्रात पाय गेला, डब्ल्यू ३०. फीमोरल शिरेतून रक्त गेल्याने तो दगावला, ही गोष्ट जोडकोडातच राहते आणि मूळ कारणांच्या तक्त्यात ती दिसतच नाही. हा नियम योग्य आहे, कारण अपघात टाळायचे तर त्यांचे कारण मोजले पाहिजे. पण त्यामुळे शिरेची आठवण ठेवण्याची सगळी जबाबदारी दवाखान्याच्या केसपेपरवर येऊन पडते. आणि आपल्याकडे मृत्यूच्या कारणाचे वैद्यकीय प्रमाणपत्र तरी कितींचे होते? २०२० च्या अहवालानुसार देशात नोंदल्या गेलेल्या मृत्यूंपैकी सुमारे २२.५ टक्क्यांचे. उरलेल्यांच्या बाबतीत कारण सांगणारा डॉक्टरचा कागदच नाही.

आता वर्गीकरणाच्या उणिवांबद्दल. मी या पुस्तकाचा भक्त नाही. एस ८५.७ असा एक कोड आहे: पोटरीतल्या एकाहून अधिक रक्तवाहिन्यांची जखम. गुडघ्यामागे धमनी आणि शीर दोन्ही फाटल्या, की एमआरडीतला, म्हणजे रेकॉर्ड विभागातला, कामाच्या ढिगाऱ्याखाली दबलेला माणूस हा एक आकडा टाकून मोकळा होतो. सोबत प्रत्येक रक्तवाहिनीचा आपापला कोड लिहायला कोणी अडवत नाही, पण लिहितो कोण? रिच यांना जे हवे होते नेमके तेच या ‘७’ मध्ये बुडते. अमेरिकेने आपल्या वापरासाठी दहावी आवृत्ती वाढवली, तेव्हा हा एकत्र कोड काढून टाकला. तिथे धमनीचा वेगळा आणि शिरेचा वेगळा कोड लिहावाच लागतो. ही त्यांची सुधारणा मला पटते.

दुसरी उणीव. पोटरीच्या आत खोलवर टिबियल शिरा असतात. अमेरिकेत वापरात असलेल्या जुन्या नवव्या आवृत्तीत त्यांना स्वतःचे कोड होते, पुढच्या शिरेला ९०४.५२ आणि मागच्या शिरेला ९०४.५४. दहाव्या आवृत्तीत टिबियल धमनीला घर मिळाले, शिरा बेघर झाल्या. त्यांना ‘इतर रक्तवाहिन्या’, एस ८५.८ मध्ये जावे लागते. नवे ते नेहमी अधिक बारीक असते असे समजू नये. अशा वेळी कोड हात टेकतो आणि डॉक्टरच्या हातची ओळ तेवढी खरी उरते. केंद्र सरकारने इलेक्ट्रॉनिक आरोग्य नोंदींच्या मानकांसाठी पुण्यात सी-डॅकमध्ये राष्ट्रीय केंद्र उभे केले आहे आणि तिथून स्नोमेड सीटी ही वैद्यकीय संज्ञांची फार मोठी पद्धत वापरायला मिळते. तिच्यात शरीराच्या भागांचा तपशील आयसीडीपेक्षा पुष्कळ बारीक आहे. पण मूळ कागदावर शीर लिहिलेलीच नसेल तर ती पद्धतही काय करणार?

अमेरिकेचा उल्लेख आला, तेव्हा थोडे तिथले. १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे दहाव्या आवृत्तीचे त्यांचे वाढीव रूप चालते, त्यात सुमारे ७०,००० कोड आहेत. आपली बाई तिथे असती तर तिचा कोड झाला असता एस ८५.३११ए. पहिली तीन चिन्हे आपल्या ओळखीची: पोटरीच्या रक्तवाहिन्या. मग ३, ग्रेट सॅफेनस. मग १, कापली-फाटली. मग १, उजवा पाय. डावा असता तर २, आणि कोणता ते लिहिलेच नसेल तर ९. शेवटचा ए म्हणजे जखमेवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत. जखम भरत असताना तपासणीला आली तर डी. आणि पुढे त्या जखमेमुळे मागे राहिलेला त्रास, तर एस. ‘ए’ म्हणजे पहिली भेट, असा गैरसमज नव्या कोडरांत फार आढळतो. ठरवून केलेली पुढच्या टप्प्याची शस्त्रक्रिया ही दुसरी-तिसरी भेट असली तरी ‘ए’च, कारण उपचार अजून चालू असतात. मांडीतल्या फीमोरल शिरेसाठी तर ते आणखी एक प्रश्न विचारतात: शीर थोडी चिरली की पुरती तुटली? एस ७५.११ आणि एस ७५.१२ हे दोन वेगळे कोड आहेत.

हे कोड लावणारी कितीतरी मुले-मुली आपली आहेत. पुण्यात, नवी मुंबईत, हैदराबादेत, चेन्नईत बसून अमेरिकेतल्या रुग्णांचे कागद वाचणारे हे फार्मसीचे, फिजिओथेरपीचे, आयुर्वेदाचे, होमिओपॅथीचे पदवीधर. परक्या देशातल्या अनोळखी माणसाची डावी की उजवी पॉप्लिटियल शीर तुटली हे ते ओळ न ओळ वाचून शोधतात. डॉक्टरने लिहिले नसेल तर अंदाज करत नाहीत, डॉक्टरला लेखी विचारतात. ही त्यांच्या धंद्याची शिस्त आहे. हे कौशल्य आपल्या गावात आहे आणि आपल्याच दवाखान्यांच्या रेकॉर्ड विभागात मात्र बंडलांवर धूळ आहे, ही गोष्ट मला सलते.

असे का? कारण तिथे कोडला पैसा आहे. १९८३ पासून अमेरिकेतल्या सरकारी विम्यात निदानगटावरून रुग्णालयाला पैसे मिळतात. एक अंक बदलला की बिल बदलते. म्हणून तिथे काळजी आहे आणि म्हणूनच कोड फुगवण्याचा मोहही आहे. आपल्याकडे महात्मा फुले जनआरोग्य योजना असो की आयुष्मान भारत, पैसे ठरलेल्या पॅकेजवर मिळतात, निदानाचा बारीक कोड काही वाढवत नाही. खासगी विम्याच्या क्लेम फॉर्मवर आयसीडीचा रकाना असतो, तो भरला जातो एवढेच. पैशासाठी केलेली नोंदही वाकते आणि पैशाशिवायची नोंद होतच नाही, अशा दोन टोकांत आपण सापडलो आहोत. यातून वाट फक्त व्यवसायाच्या शिस्तीने निघेल. सरकारी परिपत्रकाने निघेल यावर माझा विश्वास नाही.

कोड लावताना जखम आणि आजार यांची सीमाही सांभाळावी लागते. वर्षानुवर्षे फुगलेल्या शिरा हा आय ८३ मधला आजार. शिरेत गुठळी होणे हे आय ८० किंवा आय ८२ मध्ये येते. हृदयाच्या बायपाससाठी सर्जन हीच ग्रेट सॅफेनस पायातून काढून घेतो, ती जखम नव्हे. पण गुडघ्याचा सांधा बदलताना मागची शीर चुकून कापली गेली, तर ती शस्त्रक्रियेतली गुंतागुंत आहे आणि दहाव्या आवृत्तीत टी ८१.२ मध्ये जाते. इथे सर्जनच्या लेखणीची खरी कसोटी लागते. ‘रक्तस्राव झाला, तो आटोक्यात आणला’ असे मोघम लिहिण्याचा मोह होतो. तसे लिहू नये. कोणती शीर, कशाने, काय केले, ते लिहावे. ही नोंद कोर्टासाठी म्हणून कोणी लपवतो, आणि पुढच्या वेळी त्याच पायावर शस्त्रक्रिया करणारा दुसरा सर्जन आंधळेपणाने आत शिरतो.

वर्ष उलटून गेले आणि पाय जड, सुजलेला, कातडी काळवंडलेली, घोट्याजवळ न भरणारा व्रण. असा रुग्ण समोर येतो तेव्हा आपण व्रणाचा कोड लावतो. पण या मागे जुनी जखम असेल, तर दहाव्या आवृत्तीत टी ९३ हा जखमेच्या मागे राहिलेल्या परिणामांचा गट आहे. तो आपल्याकडे मला जवळजवळ दिसतच नाही. कारण सोपे आहे. जखमेच्या दिवशी शिरेचे नाव लिहिलेले नसते, त्यामुळे वर्षानंतरच्या डॉक्टरला दोन टोके जोडता येत नाहीत.

‘अनिर्दिष्ट’ या कोडबद्दल मात्र मी एक शब्द त्याच्या बाजूने बोलेन. एस ८५.९, म्हणजे कोणती रक्तवाहिनी ते नमूद नाही. खरोखरच कळले नसेल, अंधारात, रक्ताच्या थारोळ्यात, दाब देऊन टाके घातले आणि रुग्ण वर पाठवला, तर हा कोड प्रामाणिक आहे. उगीच नाव ठोकून देण्यापेक्षा तो शंभर पटीने बरा. माझी तक्रार माहीत असताना न लिहिण्याबद्दल आहे. शीर बोटांत धरली होती, दोन गाठी मारल्या होत्या, आणि कागदावर ती नाही, याला मी निष्काळजीपणा म्हणतो.

समोर बसलेल्या इंटर्न आणि रेसिडेंट मित्रांना माझी विनंती आहे. पायाच्या जखमेचा कागद लिहिताना कोणती रक्तवाहिनी, कोणत्या पातळीवर, कोणता पाय, कशाने लागले, आणि बांधली की जोडली, एवढे लिहा. संक्षेप नकोत, पूर्ण नाव लिहा. डिस्चार्ज कार्डवर तेच पुन्हा लिहा, कारण ऊसतोडीची बाई ते कार्ड घेऊन शेकडो किलोमीटर दूर जाणार आहे आणि तुमच्या दवाखान्याचे दप्तर तिच्याबरोबर जाणार नाही. आणि जे विभागप्रमुख इथे आहेत त्यांनी उद्या रेकॉर्ड विभागात जाऊन एवढेच विचारावे: कोड लावणाऱ्या माणसाच्या हातात ओटी नोट्स, म्हणजे शस्त्रक्रियेच्या नोंदी, पडतात, की फक्त केसपेपरचे पहिले पान? पहिलेच पान पडत असेल, तर ते आधी बदला.